तुम्मलकुंट्यातली मरळ

२ मार्च २०२५, रविवार

आज सकाळी तळ्यावर तीन जणांशी भांडले आणि तिन्ही वेळा माझंच बरोबर होतं.

पहिला स्कूटरवाला. गाडी बंदही न करता त्यानं निर्माल्याची प्लॅस्टिकची पिशवी पाण्यात भिरकावली. अडवलं तर म्हणतो, "देवाचं आहे आंटी." म्हटलं, मग देवघरात ठेव. दुसऱ्या तीनशे चार नंबरच्या बाई. बदकांसाठी म्हणून शिळा भात आणून टाकतात. तळ्यात बदक एकही नाही, भात तळाशी जाऊन सडतो. तिसरा मल्लय्या. त्याच्याबद्दल नंतर लिहीन, आत्ता लिहिलं तर अक्षर बिघडेल.

वही नवी आहे, म्हणून पहिल्या पानावर थोडी ओळख. मी त्रिवेणी, वय एकोणसाठ. मराठी शाळेत तेहतीस वर्षं भूगोल शिकवला, गेल्या वर्षी निवृत्त झाले. आमचे प्रतापराव गौलीगुड्याच्या बस डेपोत टाइमकीपर होते, ते माझ्याआधी तीन वर्षं घरी बसले. सगळा जन्म नल्लकुंट्यात गेला. कुंटा म्हणजे लहान तळं, आणि नल्लकुंट्यात आज औषधालासुद्धा तळ्याचं पाणी नाही. म्हणून दिलसुखनगरच्या पुढे तुम्मलकुंट्याच्या काठावर फ्लॅट दिसला तेव्हा मीच हट्ट धरला. खिडकीतून पाणी दिसलं पाहिजे, बस्स. आता दिसतं काय, तर वाटलेल्या चटणीसारखा हिरवा थर. वारा आला की खिडकी लावून घ्यावी लागते.

काठावरच्या पाच सोसायट्यांची मिळून तलाव समिती आहे. अध्यक्ष दिलीप, पुण्याचे, आयटीत मोठ्या हुद्द्यावर. सचिव मी. पाडव्याला, म्हणजे इथल्या उगादीला, पॅडल बोटी सुरू करायच्या आहेत. चार आठवडे उरलेत.

६ मार्च, गुरुवार

आज तळं मोजलं. सुतळीला दर फुटावर गाठ, टोकाला वजन म्हणून खलबत्त्यातला बत्ता. हे पॅडल मारत होते, मी मोजत होते. "अगं, जरा दमानं," म्हणाले. दमानं कशाला? यांना बोट एका सरळ रेषेत नेता येत नाही.

बांधाशी अकरा फूट, मधोमध सात, पश्चिमेला गुडघाभर चिखल. जुन्या नकाशात तुम्मलकुंटा अकरा एकर आहे. आज जेमतेम साडेसात भरला. बाकीचा रस्त्यानं, फंक्शन हॉलनं आणि पश्चिमेच्या इमारतींनी खाल्ला. आमची इमारतही पश्चिमेलाच आहे, पण आमची रीतसर परवानगीची.

हे मूळचं खेड्याचं तळं. वरच्या तळ्याचं जास्तीचं पाणी ओढ्यानं यात यायचं, हे भरलं की सांडव्यावरून खालच्यात जायचं, आणि बांधाखाली भाताची खाचरं. अशी तळ्यांची माळच्या माळ होती, मी फळ्यावर काढून दाखवायचे. आता वरची वाट रस्त्याखाली गेली. येतं ते पावसाळ्यात रस्त्यावरचं पाणी, आणि बारा महिने फंक्शन हॉलच्या मागच्या पाइपातलं खरकटं. त्या पाइपासाठी मी तीन अर्ज केले. पोच तिन्हींची आहे, उत्तर एकाचंही नाही.

मोजत असताना मल्लय्या पुट्टी घेऊन जवळ आला. पुट्टी म्हणजे बांबूची गोल टोपली, खालून ताडपत्री मढवलेली. मच्छीमार सोसायटीकडे या तळ्याचा हक्क आहे आणि हा चाळीस वर्षं इथंच मासे धरतो. पावसाळ्यात बोटभर पिल्लं सोडायची, उन्हाळ्यात मोठे मासे काढायचे. समितीनं त्याला कळवलंय की सकाळी सातच्या आत जाळं गुंडाळायचं आणि बोटींच्या बाजूला फिरकायचं नाही. आम्ही भाड्यानं राहतो आणि तळं याचं आहे, अशा थाटात बघत होता. सुतळी पाहून म्हणाला, "अम्मा, रस्सी से पानी का क्या मालूम पड़ता? सूंघ के देखो."

पाणी हुंगायचं म्हणे. मला शिकवतो!

१२ मार्च, बुधवार

संध्याकाळी दिलीपच्या घरी बैठक. बांधावर लावायच्या फलकाचा मजकूर मी तीन भाषांत लिहून नेला होता. त्यांची तन्वी आठवीत आहे, तिला मराठी वाचायला दिलं. एकेक अक्षर लावत वाचलं बिचारीनं आणि विचारलं, "सांडवा मीन्स? जे सांडतं ते?" रागवायला तोंड उघडलं होतं, पण तिचं बरोबरच होतं.

दिलीपनी निळ्या भुकटीचे आठ ड्रम ठरवलेत. शेवाळ मरतं, पाणी आठवड्यात नितळ. नमुन्याच्या डब्यावरचं बारीक अक्षर मी चष्मा लावून सगळं वाचलं. एका वेळी तळ्याच्या तिसऱ्या भागातच टाकावी, मग दोन आठवडे थांबावं, असं छापलंय. मी तसं दाखवलं. दिलीप म्हणाले, "बाई, कंपन्यांना स्वतःच्या बचावासाठी असं छापावंच लागतं. पाडवा काय आपल्यासाठी थांबणार आहे? आणि हो, ऑर्डरवर सही तुमचीच असू दे. तुमच्या शब्दाला वजन आहे इथं."

केली सही. तेहतीस वर्षांत एकाही मुख्याध्यापकाच्या तोंडून हे वाक्य निघालं नाही.

घरी यांनी चिमूटभर भुकटी तळव्यावर घेतली. "हे मोरचूद दिसतंय. आमच्या गावी विहिरीत सोडायचे. पण फडक्यात बांधून, थोडं थोडं." म्हटलं, विहीर वेगळी, तलाव वेगळा. यावर गप्प बसले. यांचं गप्प बसणं मला मुळीच आवडत नाही.

१७ मार्च, सोमवार

मल्लय्यानं आज हद्द केली.

कंत्राटदाराची माणसं पश्चिमेकडची जलपर्णी उपटून ट्रकमध्ये भरत होती. हा मध्ये उभा. म्हणे सगळी काढू नका, उन्हात माशांना सावली लागते. मी सांगितलं की जलपर्णी परदेशातून आलेली आहे, ती तळ्यांचा गळा घोटते, हे सातवीच्या पुस्तकात आहे. मग त्यानं ड्रमांकडे बोट केलं. "वो भी एकदम डालते क्या?"

"हौ. एकदम."

तो जवळ आला आणि सगळ्यांच्या देखत म्हणाला, "एकदम डाले तो उगादी कू बोट नै चलती अम्मा. मछली तैरती. मेरी बात याद रखो."

धमकी! माझ्या तोंडावर! कंत्राटदाराचा मुकादम साक्षीला होता. मी घरी आल्या आल्या त्याचे शब्द जसेच्या तसे उतरवून ठेवलेत, उद्या गरज पडली तर असावेत.

२३ मार्च, रविवार

झालं एकदाचं! चार बोटी, सोळा स्वयंसेवक, सकाळी साडेसहापासून साडेदहापर्यंत. आठच्या आठ ड्रम रिकामे. लेबलाप्रमाणे गेलो असतो तर एप्रिलअखेर उजाडली असती. मी बांधावर नकाशा घेऊन उभी होते. कोणती बोट कुठल्या पट्ट्यात गेली याच्या खुणा करत होते. एकही कोपरा सुटला नाही. दिलीप सगळ्यांना सांगत होते, "बाईंचं प्लॅनिंग!"

हे आले नाहीत. गुडघा दुखतो म्हणाले.

२५ मार्च, मंगळवार

पाण्याचा हिरवा रंग उतरला! बांधावरून दोन फूट खालची पायरी दिसते. फोटो काढून शाळेच्या ग्रुपवर टाकला. मेधानं, माझ्या अठ्ठ्याण्णवच्या बॅचमधल्या, अंगठ्याचं चित्र टाकलं आणि विचारलं, "बाई, शेवाळ गेलं कुठे?" मरून तळाशी गेलं, आणखी कुठे जाणार? प्राणिशास्त्र शिकवते कॉलेजात आणि असले प्रश्न.

२७ मार्च, गुरुवार

सकाळी सहाला इतकं सुंदर दृश्य पाहिलं. काठाला मासेच मासे. शेकडो. पाण्याच्या वर तोंडं काढून उघडझाप करत होते. पाणी स्वच्छ झालं म्हणून वर आले असणार, इतकी वर्षं बिचाऱ्यांना त्या थराखाली उजेडच नव्हता. फिरायला आलेल्या मुलांना बोलावून दाखवलं. एका पोरीनं विचारलं, "ते काय बोलतायत?" मी सांगितलं, पाडव्याच्या शुभेच्छा देतायत.

हे बराच वेळ कठड्याला टेकून बघत होते. "त्रिवेणी, ही तोंडं बरी दिसत नाहीत," म्हणाले. चांगलं काही घडलं की यांना खुपतंच.

२९ मार्च, शनिवार

आज सगळं लिहिणार.

पहाटे सव्वापाचला वॉचमनचा फोन. बांधावर पोचले तर पाणी दिसेना. पांढरी पोटं. या काठापासून त्या काठापर्यंत. कटला, रोहू, काही माझ्या हाताएवढे, काही बोटाएवढे. वारा पूर्वेकडून होता, सगळे आमच्या बाजूला येऊन साचले होते. लोकांनी नाकाला रुमाल लावले होते. काही जण व्हिडिओ काढत होते. दिलीप फोनवर कुणाला तरी सांगत होते, उद्याचं उद्घाटन रद्द, हो, रद्द.

आणि वॉचमननं सांगितलं. काल आणि आज, दोन्ही पहाटे मल्लय्या पुट्टीत बसून तळ्याच्या मध्यावर होता. हातात लांब बांबू. दाणदाण पाण्यावर मारत होता, पाणी ढवळत होता, गोलगोल फिरत होता. मासे धरत नव्हता, जाळं नव्हतंच.

विष कालवत होता. दुसरं काय?

तो तिथंच होता. बांधाच्या टोकाला उकिडवा बसला होता, मान खाली. मी सरळ त्याच्यासमोर जाऊन उभी राहिले. तीनएकशे माणसं असतील. म्हटलं, "तू सांगितलं होतंस, उगादीला मासे तरंगतील. तरंगले! काय टाकलंस पाण्यात? बोल!" त्यानं नुसतं वर पाहिलं. मी बोट रोखून सगळ्यांना ओरडून सांगितलं, "हाच तो. यानंच विष घातलं. चोर आहे हा!"

चोर म्हणायला कारण आहे. माणसं टोपल्या भरून मासे काढत होती तेव्हा मी नीट पाहिलं. मेलेल्यांत मरळ एकही नव्हती. इथे जिला मुर्रेल म्हणतात, सगळ्यांत महाग मासा. तेवढ्याच कशा मेल्या नाहीत? आधी काढून नेल्या असणार. आधी मरळी लंपास केल्या आणि मग उरलेल्यांना विष.

तक्रारअर्ज मी जागेवरच लिहिला. धमकीची तारीख, शब्द, साक्षीदार. दिलीपनी वाचून मान डोलावली. "तुमच्याच सहीनं जाऊ दे बाई." दुपारी पोलीस येऊन मल्लय्याला घेऊन गेले, आणि पुट्टी टेम्पोत टाकून नेली.

मला समाधान वाटतंय. वाटलंच पाहिजे.

३० मार्च, पाडवा

गुढी उभारली. खिडक्या बंद ठेवूनही घरभर वास. श्रीखंडाला कुणी हात लावला नाही.

जेवताना हे म्हणाले, "ते मासे कोणाचे होते?"

"तळ्यातले."

"पिल्लं त्यानं सोडली होती ना? मग या महिन्यात त्यालाच काढायचे होते. स्वतःचं पीक कोण जाळतं?"

"सूडानं माणूस आंधळा होतो," मी म्हटलं.

"हौ," हे म्हणाले. "होतो खरा."

ताट उचलून गेले. मला हे बोलणं कुणाबद्दल होतं ते समजलं नाही, आणि विचारणारही नाही.

मल्लय्याला काल संध्याकाळीच घरी सोडलं म्हणे, चौकशी चालू आहे. मच्छीमार सोसायटीनं त्याचा परवाना थांबवलाय. ठीकच केलं.

४ एप्रिल, शुक्रवार

मेधाला मीच बोलावलं होतं. विषाचा पुरावा कागदावर हवा, म्हणजे प्रकरण पक्कं होईल. सकाळी साडेपाचला आली, बाटल्या आणि छोटी पेटी घेऊन. तीन ठिकाणचं पाणी घेतलं, थेंब टाकले, रंग बघितले, वहीत आकडे लिहिले. मग माझ्यासोबत पायरीवर बसली.

"बाई, पाण्यात प्राणवायू जवळजवळ नाहीच. लिटरला दीड मिलिग्रॅम. रोहू-कटल्याला चार-पाच तरी लागतो."

"म्हणजे विषानं संपवला."

"नाही. विषानं प्राणवायू असा जात नाही." तिनं सांडव्याकडे पाहिलं. "मरळी मेल्या नाहीत म्हणालात ना फोनवर?"

"त्या त्यानं चोरल्या."

"ते बघा."

सांडव्याजवळच्या उथळ पाण्यात एक लांब, काळपट, सापासारख्या डोक्याचा मासा वर आला, हवेचा घोट घेतला आणि खाली गेला. मग आणखी एक. मी आठ मोजले.

"मरळ हवेतून श्वास घेते बाई. पाण्यात प्राणवायू नसला तरी जगते. विष असतं तर हीसुद्धा मेली असती. यांचा जीव वाचला, याचा अर्थ बाकीचे गुदमरले." मग शाळेत विचारायची तशा आवाजात तिनं विचारलं, "पाण्यात आधी काही टाकलं होतं का?"

"शुद्धीची भुकटी. शेवाळासाठी."

"सगळ्या तळ्यात? एका दिवशी?"

तिनंच सांगितलं. शेवाळ दिवसा प्राणवायू देतं. ते एकदम मेलं, तळाशी जाऊन सडलं, आणि सडताना पाण्यातला उरलासुरला प्राणवायू खाऊन बसलं. जलपर्णी उपटताना चिखल ढवळला गेला, त्यानं भर पडली. पहाटेला तर काहीच उरत नाही. "मासे वर येऊन तोंड उघडत असतील ना, आदल्या एक-दोन दिवशी?"

"तुला तीन बाटल्यांवरून हे सगळं कळलं?" मी म्हणाले. "तुला मी नकाशा वाचायला शिकवला, मेधा. आठवीत तुला अक्षांश-रेखांश कळत नव्हते."

"तुम्हीच शिकवलेत बाई," ती म्हणाली. पेटी भरली, आकड्यांचा कागद माझ्याजवळ पायरीवर ठेवला आणि गेली. चहा घे म्हटलं नाही मी. कृतघ्न मुलगी.

५ एप्रिल, शनिवार

दुपारी ही वही पहिल्या पानापासून वाचली.

बारा तारीख. तेवीस तारीख. सत्तावीस तारीख. सगळं माझ्या अक्षरात, शाईनं, नीट समास सोडून. तिसरा भाग. दोन आठवडे. मी वाचलं होतं. वाचून दाखवलं होतं. मग एक वाक्य गोड लागलं म्हणून सही केली. पाडव्याच्या शुभेच्छा म्हणे! त्या पोरीला मी गुदमरणारे मासे दाखवले आणि ते शुभेच्छा देतायत म्हणून सांगितलं.

यांना विचारलं, "तो बांबूनं पाणी का मारत असेल?"

हे पेपरातून डोकं न काढता म्हणाले, "हवा घालायला. आमच्याकडे विहिरीतले मासे तडफडायला लागले की बादलीनं वरून पाणी ओतायचे."

"तुम्हाला माहीत होतं? मग बोलला का नाहीत?"

त्यांनी पेपर खाली ठेवला. लग्नाला चौतीस वर्षं झाली, त्यांचा चढलेला आवाज मी आज पहिल्यांदा ऐकला. "कधी बोलू? तू थांबलीस कधी?"

७ एप्रिल, सोमवार

दिलीपकडे गेले. मेधाचे आकडे दाखवले. म्हटलं, तक्रार मागे घेऊ, समितीनं लेखी खुलासा द्यावा.

त्यांनी कागद नीट वाचला. हुशार माणूस आहे, त्यांना एका मिनिटात सगळं कळलं. माझ्या लक्षात आलं की त्यांना हे आधीच कळलेलं होतं.

"बाई, हे आता उकरून काय मिळणार? त्या माणसाला आपण समितीतर्फे काहीतरी मदत करू. गाजावाजा न करता."

"विष नसताना तो विष घातल्याचा आरोपी आहे."

"आरोप समितीनं केला नव्हता. सही तुमची आहे." आवाज अगदी मऊ. "भुकटीच्या ऑर्डरवरही. मी तुमच्याच काळजीनं सांगतोय."

इतका राग मला अख्ख्या नोकरीत आला नव्हता. पण खरं लिहायचं तर तो सगळा त्यांच्यावरचा नव्हता. पेन मी माझ्या हातानं घेतलं होतं. कुणी हात पिरगाळला नव्हता.

९ एप्रिल, बुधवार

पोलीस ठाण्यात दोन तास बसले. इन्स्पेक्टर वैतागले. "मॅडम, त्या दिवशी तुम्ही डोळ्यांनी पाहिल्यासारखं लिहून दिलंत." म्हटलं, हो, आणि काहीच पाहिलं नव्हतं. मेधाचे आकडे, भुकटीच्या ऑर्डरची प्रत आणि माझा जबाब, तिन्ही लावून घेतले. सचिवपदाचा राजीनामा आजच दिलीपना पाठवला. पाच मिनिटांत "स्वीकारला" असं उत्तर आलं.

ठाण्याच्या मागच्या अंगणात पुट्टी पडली होती. टेम्पोतून फेकताना बांबूच्या कामट्या मोडल्यात, ताडपत्री फाटलीय.

तिथून मल्लय्याच्या घरी. बांधाच्या खालच्या अंगाला, जुन्या गावाच्या गल्लीत. चाळीस दिवस झाले भांडतेय आणि याचं घर आमच्या गेटपासून पाच मिनिटांवर आहे हे मला ठाऊक नव्हतं. त्याच्या बायकोनं दार उघडलं, मला पाहिलं आणि आत गेली. तो ओट्यावर आला. बस म्हणाला नाही.

मी उभ्यानंच सगळं सांगितलं. भुकटी, सही, मरळ, जबाब. "मला माफ कर," म्हटलं.

तो म्हणाला, "सोसायटी में मेरे लोगाँ पूछते, सच्ची में डाला क्या? मेरा दामाद पूछा. मेरे कू." त्यानं छातीवर हात ठेवला. "अम्मा, यहाँ कौन सुनता? ये तो मेरा घर है. जहाँ चोर बोले, वहाँ बोलो."

"बांधावर?"

"इतवार कू. सुब्बे. सब आते उस टाइम."

मला राग आला. घरी चालत आले, जबाब दिला, राजीनामा दिला, आणखी काय पाहिजे या माणसाला? घरी येऊन यांना तसंच म्हटलं. यांनी रविवारी सकाळचा गजर लावला, एवढंच.

१३ एप्रिल, रविवार

साडेसहाला बांधावर पोचले. नेहमीची गर्दी. मेधाही आली होती. मी तिला फोन केला नव्हता, म्हणजे यांनी केला. दिलीप ट्रॅकसूटमध्ये होते, मला पाहून बूट बांधायला वाकले ते उठलेच नाहीत. मल्लय्या त्याच जागी, बायको शेजारी, मागे सोसायटीचे सात-आठ कोळी. धुतलेले कपडे घालून आले होते सगळे.

लोक चालत होते, कानांत वायरी घालून. मी हात वर केला आणि म्हटलं, थांबा. काही थांबले. काही वळसा घालून गेले.

मी हिंदीतच बोलले, सगळ्यांना कळावं म्हणून. सांगितलं की एकोणतीस मार्चला इथे उभं राहून मी मल्लय्याला चोर म्हटलं, त्यानं विष घातलं म्हटलं. ते खोटं होतं. विष कुणीच घातलं नाही. समितीनं भुकटी टाकली, ऑर्डरवर सही माझी, एका दिवसात टाकायचा नकाशाही माझा. त्यानं आधी सांगितलं होतं, मी ऐकलं नाही. दोन पहाटे तो एकटा या माशांना श्वास मिळावा म्हणून पाणी झोडपत होता, आणि मी त्यालाच पोलिसांच्या हवाली केलं.

बोलताना आवाज खाली खाली गेला. शेवटची वाक्यं मी जमिनीशी बोलले असेन. तीनशे चारच्या बाई डोळे पुसत होत्या, त्याचाही मला राग आला.

संपलं असं वाटलं. मल्लय्याकडे पाहिलं. तो मान हलवेल, हात जोडेल, निदान जाईल तरी, असं मनात होतं. तो जागचा हलला नाही. गर्दीच्या पार टोकाला, जिथे कॉलनीतले लोक मान लांब करून काय चाललंय ते एकमेकांना विचारत होते, तिकडे त्यानं एकदा वळून पाहिलं. मग माझ्याकडे.

"पीछे वालों कू सुनाई नै दिया अम्मा," तो शांतपणे म्हणाला. "फिर से बोलो."

एक क्षण वाटलं, वळावं आणि घरी जावं. हे समोरच होते, कोळ्यांच्या रांगेत, हात मागे बांधून.

मी दोन पायऱ्या वर चढले, मागच्या लोकांकडे तोंड केलं, आणि पहिल्या वाक्यापासून, मोठ्यानं, पुन्हा सुरुवात केली.